धागा: माझ्या काल्पनिक जगाचं पंचांग फारच गुळगुळीत झालंय, जरा मदत करा

गोदाकाठचा_गोंधळी:
नमस्कार मंडळी, बरेच दिवस इथे नुसता वाचतोय, धागा पहिल्यांदाच काढतोय, चूकभूल सांभाळून घ्या. मी एक फँटसी कादंबरी लिहितोय, म्हणजे लिहिणार आहे. नवघाट नावाचं शहर, सांजवी नावाची नदी, नदीला घाट आणि घाटावर देवस्थान (हो, मी पंचवटीतच वाढलोय, ओळखलंत). आकाशात चंद्र दोन. मोठा पांढरा, त्याला लोक थोरला म्हणतात, एका पुनवेपासून दुसऱ्या पुनवेपर्यंत ३१ दिवस. लहान तांबूस आहे, ती धाकली, तिचं चक्र १७ दिवसांचं. वर्ष ३९१ दिवसांचं. ३९१ का, तर १७ गुणिले २३, म्हणजे वर्षात धाकलीच्या बरोब्बर २३ पुनवा बसतात.

महिने थोरल्याचे, ३१ दिवसांचे १२, झाले ३७२. उरले १९ दिवस, ते वर्षाच्या शेवटी "शून्यकाल" म्हणून सुटे ठेवलेत, त्यात सगळ्यांना सुट्टी. आठवडा १० दिवसांचा. महिन्यांची नावं हिमांशू, अग्निवेश, मेघदत्त, शरदेंदू अशी बारा. एक्सेलमध्ये ४०० वर्षांचं कॅलेंडर तयार आहे, फॉर्म्युले लावून. पण मित्राला दाखवलं तर तो म्हणाला हे गृहकर्जाच्या हप्त्यांच्या तक्त्यासारखं दिसतंय, आणि मलाही वाचताना झोप येते हे खरं. काय चुकतंय?

नाईटशिफ्ट_अंबड:
महिन्यांची नावं मालिकेतल्या श्रीमंत घराण्यातल्या मुलांसारखी आहेत. "अग्निवेश मेघदत्तला म्हणाला, ही प्रॉपर्टी माझी आहे." बाकी ठीक.

पंचांगकाकू:
बाळा, तू महिना थोरल्याचा म्हणतोस आणि वर्षाच्या शेवटी १९ दिवस मध्येच सोडून देतोस. मग दुसऱ्या वर्षी महिन्याच्या एक तारखेला थोरला कुठे असेल बघितलंस का? पहिल्या वर्षी एक तारखेला अमावास्या धरलीस तर दुसऱ्या वर्षी एक तारखेला पुनव होऊन तीन-चार दिवस गेलेले असतील. मग तो महिना चंद्राचा कसला, नावालाच.

आपल्याकडे हीच भानगड आहे, फक्त ११ दिवसांची. चंद्राचे १२ महिने म्हणजे साधारण ३५४ दिवस आणि सूर्याचं वर्ष ३६५ चं. तो फरक कोणी सुट्टी म्हणून वाटला नाही, साठवला. साठत साठत साधारण ३२-३३ महिन्यांनी एक अख्खा महिना होतो, तोच अधिक. ज्या चांद्रमहिन्यात सूर्याची संक्रांत, म्हणजे सूर्याचं एका राशीतून दुसरीत जाणं, पडत नाही तो अधिक, इतका साधा नियम. क्वचित एकाच महिन्यात दोन संक्रांती पडतात, मग महिना चक्क गाळतात. १९८२-८३ च्या वर्षात दोन अधिक आणि एक क्षय असं झालं होतं, माझं नवीन लग्न झालेलं, सासूबाई पंचांग घेऊन डोक्याला हात लावून बसलेल्या मला अजून आठवतात.

आणि २०२३ ला श्रावण अधिक आला तेव्हा आमच्या बिल्डिंगच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर सोमवार चार धरायचे की आठ यावरून दोन दिवस गोंधळ चालला होता. ब्रह्मगिरीच्या फेरीला तिसऱ्या श्रावणी सोमवारी जातात, तर तिसरा म्हणजे नक्की कुठला तिसरा. शेवटी निजाचा, म्हणजे अधिकानंतरच्या खऱ्या श्रावणातला, पण एकजण अधिकातच जाऊन आला आणि वर म्हणाला गर्दी अजिबात नव्हती. तुझ्या कॅलेंडरात भांडायला जागाच नाही रे, म्हणून झोप येते.

कोडवाली_कॉलेजरोड:
काकू +१. मी पटकन आकडे काढले. दोन्ही चंद्रांची पुनव एकाच दिवशी दर ३१ गुणिले १७ म्हणजे ५२७ दिवसांनी. पण तो दिवस वर्षाच्या त्याच तारखेला परत यायला १२१२१ दिवस लागतात, म्हणजे नेमकी ३१ वर्षं. एक पिढी! तू ४०० वर्षांचं एक्सेल केलंस आणि ही गोष्ट तुला दिसली नाही?? माणसाला आयुष्यात हा दिवस दोनदा दिसणार, नशीबवान असेल तर तीनदा. काकूंच्या पद्धतीने अधिक महिने धरले तर या ३१ वर्षांत १९ अधिक येतील. आपल्याकडे १९ वर्षांत ७ असतात.

रहाडवाला:
३१ वर्षांत १९ अधिक?? भाऊ तुझ्या जगातल्या सासऱ्यांचा विचार कर जरा. दर अधिकात जावयाला धोंड्याचं जेवण, ३३ अनारसे, वर चांदीचं काहीतरी. आपल्या दीडपटीहून जास्त खर्च. तिथे मुलगी झाली की बाप आधी तांदूळ भिजत घालत असेल.

आणि ते १० दिवसांच्या आठवड्याचं काढून टाक किंवा मग त्यावरून दंगल तरी दाखव. फ्रेंच लोकांनी क्रांतीनंतर हेच केलेलं, १७९३ ला, सुट्टी सातव्याऐवजी दहाव्या दिवशी, १८०५ संपता संपता अख्ख्या कॅलेंडराचाच गाशा गुंडाळला. कामगाराला विचार दहा दिवसांनी सुट्टी म्हणजे काय ते. आठवडा कोण ठरवतो, तर बाजार ठरवतो. गोदाघाटावर बुधवारचा बाजार भरतो म्हणून आमच्या आजीचा आठवडा बुधवारी चालू व्हायचा, सोमवार वगैरे सगळं नंतर. तुझ्या नवघाटात भाजी किती दिवसांत सडते ते आधी ठरव, तेवढ्या दिवसांचा आठवडा.

गोदाकाठचा_गोंधळी:
बापरे. १२१२१ खरंच दिसलं नव्हतं, माझ्या शीटमध्ये धाकलीचा वेगळा टॅब आहे, दोन्ही एकत्र कधी बघितलेच नाहीत. शून्यकाल रद्द. अधिक घेतो. आठवड्याचंही बघतो. नावांचं मात्र वाईट वाटलं, तीन रात्री घालवल्या होत्या त्यात.

पिंपळगावचा_बागाईतदार:
मला फँटसीतलं काही कळत नाही, पोरगा वाचतो. पण कॅलेंडर म्हणाल तर आमच्याकडे प्रत्येक प्लॉटचं वेगळं असतं. द्राक्षाची गोडी छाटणी, म्हणजे फळासाठीची, झाली की तो दिवस शून्य. तिथून पुढं तारीख कोणी बोलत नाही. "बाग किती दिवसांची?" "सदतीस." झालं. समोरच्याला कळतं की फुलोरा तोंडावर आलाय, पाऊस आला तर काय होईल, कुठला स्प्रे चाललाय, सगळं त्या एका आकड्यात. शेजारच्याची छाटणी पंधरा दिवस आधी झाली असेल तर बांधाच्या त्या बाजूला आज बावन्नावा दिवस. दोघांचं रान एक, विहीर एक, पण दिवस वेगळा. एप्रिलात, माल काढल्यावर, खरड छाटणी झाली की पुन्हा शून्य. म्हणजे वर्षात दोनदा नवं साल, आणि त्याला ना फटाके ना गुढी, मजुरांची टोळी मिळाली की ते साल चालू.

पावसाचं पुन्हा वेगळं. तिथं नक्षत्र. मृग लागला, आर्द्रा कोरडी गेली, पुनर्वसूचा तरणा पाऊस, पुष्याचा म्हातारा. आणि कांद्याचे लिलाव अमावास्येला बंद ठेवायची पद्धत आमच्या भागात कितीतरी वर्षं होती. नोकरदाराला रविवार तसा ट्रॅक्टरवाल्याला अमावास्या. एकाच घरात पोरगी शाळेच्या तारखेवर, म्हातारी तिथीवर, मी छाटणीच्या दिवसावर. जमतंय की सगळ्यांचं.

नाईटशिफ्ट_अंबड:
दादा, हे भारी आहे. गोंधळी, लिहून घे. "बाग किती दिवसांची" हा संवाद जसाच्या तसा उचल.

सावाना_वाचक:
बागाईतदार दादांनी मृग काढला म्हणून सांगतो. मराठ्यांच्या कागदपत्रांत शुहूर सन असतो, त्याचं साल मृग लागला की बदलायचं, म्हणून त्याला मृगसाल म्हणतात. पेरणीबरोबर वर्ष सुरू. साल लिहायचं अरबी आकड्यांच्या शब्दांत. त्याच कागदावर पुष्कळदा "छ" लिहून पुढे मुसलमानी महिन्याची तारीख, छ म्हणजे चंद्र. शेजारी तिथी, शालिवाहन शक. आणि शिवाजी महाराजांनी १६७४ ला राज्याभिषेक शक सुरू केला, त्याचं वर्ष पाडव्याला नाही तर ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीला बदलायचं. एका पत्रावर तीन-तीन काळ. कारकुनाला ते काही अवघड वाटत नसणार, रोजचं काम. आज ते कागद वाचायला बसलेल्याला मात्र तारखा जुळवताना घाम फुटतो.

तर मुद्दा असा की तुमच्या नवघाटात एकच कॅलेंडर आहे हे पटत नाही. देवस्थानाचं एक असेल, पट्टी वसूल करणाऱ्याचं दुसरं, नदीवरच्या नावाड्यांचं तिसरं. नावाडी थोरल्याच्या पुनवेला काय करतील? दोन चंद्र म्हणजे समुद्राच्या बाजूला भरतीही दोन प्रकारची, आणि जोडपुनवेला जी भरती येईल ती घाटाच्या पायऱ्या गिळेल.

रहाडवाला:
जोडपुनव! नाव ठरलं बघा सणाचं, सावाना साहेबांनी बारसंच केलं.

दर ३१ वर्षांनी येणारी जी आहे ती महाजोड म्हण, तो तुमचा सिंहस्थ, आपल्या नाशिकचा कुंभमेळा. आणि सिंहस्थासारखंच दाखव सगळं. नाशकात लोक साल सांगतच नाहीत, हा पूल २००३ च्या सिंहस्थातला, तो रस्ता २०१५ च्या, आणि "२०२७ च्या आत होईल" हे आता कुठल्याही प्रश्नाचं उत्तर आहे. सिंहस्थात लग्न नको म्हणणारे आहेत, त्यामुळे आदल्या वर्षी कार्यालय मिळत नाही. आमच्या काकांचं लग्न असंच घाईत उरकलेलं, मुलगी बघितली मंगळवारी आणि हळद रविवारी. अजून ऐकवतात एकमेकांना.

पंचांगकाकू:
गुरू सिंह राशीत आला की सिंहस्थ. तो बारा वर्षांनी म्हणतात खरं, पण गुरूची फेरी ११.८६ वर्षांची आहे. तो थोडा थोडा फरक साठला की एखाद्या वेळी कुंभ अकराव्या वर्षीच येतो. हरिद्वारला २०१० नंतर २०२२ ला यायचा तो २०२१ ला आलाच की. आकाशातलं कुठलंही चक्र असं पूर्णांकात बसत नाही. महिना २९.५३ दिवसांचा. तिथी तर कधी २० तासांत आटपते, कधी २६-२७ तास रेंगाळते, म्हणून कधी एखादी तिथी सूर्योदयच बघत नाही आणि कधी एकच तिथी दोन सूर्योदय बघते. तुझा थोरला ३१ म्हणजे ३१, एक पळही इकडे तिकडे नाही, हा चंद्र आहे की म्युनिसिपालिटीचा भोंगा?

नाईटशिफ्ट_अंबड:
काकू आज फॉर्मात आहेत 😄

पण मला एक वेगळंच सांगायचंय. इतका वेळ आपण चंद्र सूर्य चाललोय, पण कॅलेंडर खरं चालतं ते रजिस्टरात. माझ्या आईचा वाढदिवस १ जून. मावशीचा १ जून. मोठ्या मामाचा पण १ जून. शाळेत नाव घालताना गुरुजींनी विचारलं जन्म कधीचा, आजोबा म्हणाले मोठ्या पुराच्या सालातला. गुरुजींनी वय मोजून १ जून टाकलं, पुढचा. तो पूर १९६९ चा. आता आई पुराच्या वेळी पोटात होती की पाळण्यात यावर घरात अजून एकमत नाही. आजी म्हणायची पाण्याचा आवाज ऐकत तुला पाजत होते, आणि मामा म्हणतो आजी तेव्हा माहेरी होती, तिथे नदीच नाही.

गेल्या वर्षी आईच्या एका फॉर्मसाठी जन्मतारखेचा पुरावा पाहिजे होता, दोन कागदांवर दोन तारखा निघाल्या, काउंटरवरचा मुलगा म्हणाला मावशी खरी कुठली? आई म्हणाली, दोन्ही तुमच्याच माणसांनी लिहिल्यात, तुम्हीच ठरवा. मला हसूही आलं आणि कसंतरीही झालं.

गोदाकाठचा_गोंधळी:
हे वाचून एक्सेल बंद केलं. खरंच.

मग विचार केला. समजा नवघाटच्या देवस्थानाने कधीतरी हिशेब करून दगडात कोरून ठेवलाय, थोरला ३१ दिवस, कायमचा. आणि प्रत्यक्षात तो किंचित जास्त घेतो. किती धरू?

कोडवाली_कॉलेजरोड:
३१.०१ धर. म्हणजे दर महिन्याला साधारण चौदा मिनिटं उशीर, कोणाच्या लक्षातही येणार नाही. पण ३१ वर्षांत थोरल्याचे ३९१ महिने होतात, म्हणजे चार दिवसांचा उशीर साठला. दगडावर महाजोड, आकाशात पुनवेला चार दिवस बाकी. धाकली मात्र बरोबर वेळेवर. कसलं सुंदर आहे हे.

सावाना_वाचक:
आणि हे अजिबात अशक्य कोटीतलं नाही. युरोपात १५८२ ला ४ ऑक्टोबरनंतर एकदम १५ ऑक्टोबर लिहावं लागलं, कारण असाच बारीक फरक शतकानुशतकं साठत गेला होता. इंग्रजांनी ती दुरुस्ती मानायला १७५२ उजाडलं, म्हणजे मधली एकशे सत्तर वर्षं इंग्लिश खाडीच्या अलीकडे एक तारीख आणि पलीकडे दुसरी. आपल्याकडेही टिळक पंचांग मानणाऱ्या घरांत कधी कधी गणपती महिनाभर आधी येतात, कारण अधिक महिना कुठला यावरच मतभेद. गावात दोन गट पडतात पण मोदक दोन्हीकडे खातात.

रहाडवाला:
मग नवघाटात दगडवाले आणि आभाळवाले असे दोन गट. दगडवाले देवस्थानाचे. आभाळवाले नावाडी, शेतकरी, आणि ज्यांना गाळा मिळाला नाही असे सगळे.

पिंपळगावचा_बागाईतदार:
महिन्यांची नावं मी देऊ का? पागोळी, उघडीप, राखण, खळं, हुडहुड, फुफाटा. बाकीची सहा तुम्ही शोधा. बैलाला कळली पाहिजेत अशी ठेवा.

नाईटशिफ्ट_अंबड:
"फुफाटा वद्य पंचमीला आमच्याकडे यायचं हं." मला चालेल. गोंधळी, आता एक परिच्छेद तरी लिहून टाक इथे. तीन वर्षांपासून लिहितोयस म्हणालास ना, किती पानं झाली?

गोदाकाठचा_गोंधळी:
तीन वर्षं मी कुठे म्हणालो? (तीनच आहेत. पानं अकरा.) घ्या, रात्री बसून केलंय, शिव्या घालू नका.

"महाजोडेच्या संध्याकाळी घाटाची एकही पायरी दिसत नव्हती, नुसती डोकी. पाटलीणबाईंनी नातवाला खांद्यावर घेतलं होतं. मागच्या महाजोडेला त्या याच पायरीवर आईचा पदर धरून उभ्या होत्या. सूर्य मावळला. देवस्थानाचा शिंगाड्या शिंग तोंडाला लावून उभा राहिला. आणि सांजवीच्या पाण्यातून थोरला हळूहळू वर आला, एका बाजूने खाल्लेल्या भाकरीसारखा. शिंगाड्याने शिंग खाली घेतलं. गर्दीत कोणीच काही बोललं नाही."

पंचांगकाकू:
भाकरी आवडली. पण चूक आहे रे.

सूर्यास्ताला उगवतो तो फक्त पुनवेचा चंद्र. संकष्टीचा उपास करणाऱ्या कुठल्याही बाईला विचार, पुनवेनंतर चौथ्या दिवशी चंद्राची वाट बघत रात्री नऊ-नऊ वाजेपर्यंत ताटकळावं लागतं. रोज पाऊण-एक तास उशीर. उलट पुनवेच्या चार दिवस आधी तो तेवढाच लवकर उगवतो. तुझा थोरला सूर्यास्ताच्या तीन तास आधीच वर आलेला असणार. भर उन्हात.

कोडवाली_कॉलेजरोड:
काकू बरोबर. ३१ दिवसांच्या चंद्राला रोज साधारण ४६ मिनिटांचा फरक, चार दिवसांचे तीन तास. सूर्य मावळेल तेव्हा पाण्यातून फक्त धाकली उगवेल, तांबडी, आणि थोरला आधीच अर्ध्या आभाळावर चढलेला.

गोदाकाठचा_गोंधळी:
थांबा थांबा. म्हणजे दुपारी लोक घाटाकडे चालत येत होते तेव्हाच त्यांना तो दिसत होता? सगळ्यांना? गाड्या जुंपताना, पोरांना नवे कपडे घालताना, वर कुरतडलेला चंद्र आहे आणि तरी सगळे महाजोडेला निघालेत?

रहाडवाला:
निघणारच. ३१ वर्षांनी आलाय सण, पुरणाचं झालंय, पाहुणे आलेत.

सावाना_वाचक:
आणि देवस्थानालाही दुपारीच दिसला असेल. ते काय करतील?

नाईटशिफ्ट_अंबड:
मंडप घालतील. अख्ख्या घाटावर. उन्हाचा त्रास नको भाविकांना म्हणून.

गोदाकाठचा_गोंधळी:
अरे यार. पूर्व बाजू पाण्याकडे उघडी ठेवायची, धाकली दिसेल एवढीच. खर्च गाळेवाल्यांच्या पट्टीतून. परिच्छेद फाडला, परत लिहितो. पाटलीणबाई मंडपाच्या आत असतील आणि नातू खांद्यावर असल्यामुळे त्याचं डोकं कापडाला लागतंय.

पंचांगकाकू:
कापडाला कुठेतरी भोक ठेव. एकही भोक नसलेला मंडप मी आजवर बघितला नाही.